अबाह सारकिमची शिट्टी

माझ्या सासऱ्यांनी हेवी मेटलचं एकही गाणं आजवर पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकलेलं नाही. तरीही आमचा 'लिनी' बँड अल्बमागणिक जड, खोल आणि काळा कसा होत गेला, असं कुणी विचारलं तर खरं उत्तर एकच आहे: सासऱ्यांमुळे. हेर्दीला हे उत्तर आवडत नाही. हेर्दी आमचा गिटारवाला आणि बँडचा म्होरक्या. त्याच्याकडे या प्रश्नाची दुसरी, भारदस्त उत्तरं आहेत आणि ती मासिकांत छापून आलेली आहेत. मी बास वाजवतो, त्यामुळे माझी मुलाखत कुणी घेत नाही. म्हणून इथे सांगतो.

सासऱ्यांचं नाव सारकिम. शहराच्या कडेला असलेल्या उजुंग बेरुंग वस्तीत, आमच्या चढाच्या गल्लीत लहानथोर सगळे त्यांना अबाह म्हणतात, म्हणजे बाबा. ते पुतू विकतात. पानांच्या रसाने हिरवं केलेलं तांदळाचं जाडसर पीठ बांबूच्या बोटभर नळीत भरायचं, मध्ये ताडगुळाचा खडा ठेवायचा आणि नळी वाफेच्या भोकावर उभी करायची. शिजलं की काडीने ढकलून हिरवी कांडी बाहेर काढायची आणि किसलेल्या नारळात लोळवायची. खाणाऱ्याच्या हनुवटीवर गूळ ओघळला नाही तर अबाह ते पुतू मानत नाहीत.

पुतूवाल्याच्या पत्र्याच्या डब्याला वरून एक छोटी तोटी असते. आत वाफ भरली की ती वाजायला लागते आणि मग विस्तव असेपर्यंत वाजतच राहते. गल्लीला ती गिऱ्हाइकांची हाक वाटते, पण अबाहना तिचा उपयोग वेगळाच.

"पुतू कानाने शिजवायचं असतं," ते म्हणायचे. "वाफ काय, डोळ्याला पहिल्यापासूनच दिसते. भरली कधी ते कान सांगतो. कान गेला की धंदा गेला."

रोज दुपार कलली की ते अंगणात चूल पेटवत. डबा आधी फुसफुसायचा, मग बारीक किंचाळायचा आणि मग सूर धरायचा. सूर धरला की अबाह, शेजारी कुणी असो वा नसो, एकच शब्द म्हणत: "आली." मग नळ्या भरत, कावड खांद्यावर घेत आणि उतार धरत.

त्या अंगणाच्या भिंतीला लागूनच हेर्दीच्या मावशीच्या घराची मागची खोली होती. आम्ही तिच्या भिंतींना अंड्यांचे ट्रे चिकटवले होते, दाराला जुनी कापसाची गादी टांगली होती, आणि आत चौघं मिळून जग जाळत होतो. हेर्दी गिटारवर. ड्रमवर ओपिक, तो दिवसभर चपलांच्या कारखान्यात टाचांना खिळे ठोकायचा आणि संध्याकाळी तेच काम आमच्याकडे जास्त आनंदाने करायचा. गळ्याला गुगुम. गुगुम वडापची गाडी चालवायचा. स्टँडवर दिवसभर गिऱ्हाइकांना हाका मारून मारून त्याचा गळा असा घोगरा आणि खरबरीत झाला होता, की बाकीचे बँड जो आवाज महिनोन्‌महिने कमावतात तो त्याला फुकटात मिळाला. आणि चौथा मी, यायात.

एवढं सगळं होतं, पण सूर कुठून घ्यायचा हे आम्हा चौघांपैकी एकालाही ठाऊक नव्हतं. सूर दाखवणारं यंत्र तेव्हा आम्ही फक्त ऐकून होतो. एके दिवशी हेर्दी त्याची जाड तार पिळत बसला होता. कधी घट्ट, कधी सैल, आणि तोंडाने शिव्या. तेवढ्यात भिंतीपलीकडे डबा बोलला.

"थांब," ओपिक म्हणाला. "ही बघ शिट्टी वाजतेय! रोज एकच वाजते. हिच्यावरच लाव."

हेर्दीने शिट्टीचाच सूर खाली खर्जात उतरवून जाड तारेवर घेतला, मी त्याच्या मागून घेतला, आणि भिंतीपलीकडून आवाज आला, "आली."

"बघ, अबाहपण म्हणतात आली," गुगुम म्हणाला.

त्या दिवसापासून आमचा तोच नेम झाला. अबाहची शिट्टी होईपर्यंत कुणी वाद्याला हात लावायचा नाही. ती झाली की तारा लावायच्या आणि सूर्य बुडताना मगरिबची अजान होईपर्यंत वाजवायचं. ज्या दिवशी अबाह आजारी, त्या दिवशी आमचीही सुट्टी.

त्या काळी अबाहची तोटी जेमतेम करंगळीएवढी होती. तिचा सूर टोकदार, उंच. त्यावर तारा लावायच्या म्हणजे कडक ताणाव्या लागत, आणि कडक तारेवर हात आपोआप पळतो. ओपिकला तर पळायचंच होतं. त्यामुळे आमची पहिली कॅसेट, 'खिळे', ही सुरू झाली कधी आणि संपली कधी हे आमच्या आयांनाही कळलं नाही. गाणी अशी की ऐकणारा मान हलवायला लागेपर्यंत पुढचं गाणं सुरू.

ती कॅसेट रेकॉर्ड करायला शहरात गेलो, तो दिवस मी विसरणार नाही. भाड्याच्या स्टुडिओत पोचलो, वाद्यं काढली आणि चौघं एकमेकांकडे बघत बसलो. इथे शिट्टी कुठून आणणार? गुगुमने वडापची किल्ली उचलली. परत आला तेव्हा मागच्या बाकावर अबाह होते. मांडीवर डबा, पायांत चूल, डोक्याला इस्त्रीचा रुमाल. लग्नाला निघाल्यासारखे.

स्टुडिओचा मालक गोल पोटाचा माणूस. चूल बघून तो दारातच आडवा झाला. "विस्तव? आत? सगळीकडे स्पंज लावलाय मी! वेडे झालात काय रे?"

"आत नको, पायरीवर मांडतो," अबाह म्हणाले. "पण तुम्ही जरा वाऱ्याच्या बाजूने उभे राहा. पोट मोठं आहे, आडोसा बरा होईल."

आणि खरंच, मालक आडोशाला उभा राहिला. डबा फुसफुसला, किंचाळला, शिट्टीने सूर धरला, अबाह म्हणाले "आली", आणि आम्ही धावत आत जाऊन तारा लावल्या. आम्ही बाहेर आलो तोवर अबाहचं सगळं पीठ संपलं होतं, स्टुडिओतली माणसं बोटं चाटत होती आणि मालकाच्या हनुवटीवर गूळ होता. दार उघडं राहिल्यामुळे ती शिट्टी कॅसेटच्या अगदी सुरुवातीला बारीक ऐकू येते. पोरांनी ती ऐकून ठरवलं की हा नरकात जळणाऱ्या आत्म्याचा आवाज आहे. आम्ही कशाला नाही म्हणतोय! पुढे प्रत्येक अल्बमची सुरुवात शिट्टीनेच करायची, असं आमचं ठरून गेलं.

दुसरा अल्बम 'ओला कोळसा'. त्याच्या तालमींत तारा आम्हाला सैल वाटायला लागल्या. हेर्दीने आधी तारांच्या कंपनीला शिव्या घातल्या, मग दमट हवेला, मग माझ्या बोटांना. नाचता येईना अंगण वाकडं. जोरात छेडलं की तार थडथडायची, सूर फाटायचा, म्हणून वाजवताना थोडं थांबावं लागे. हेर्दी थांबला की ओपिकला थांबावं लागे, आणि थांबणं म्हणजे ओपिकला शिक्षा.

"मी काय पाळणा हलवतोय का इथे?" तो ओरडायचा.

पण त्या थांबण्यात एक गंमत होती. एक ठोका पडायचा, मग क्षणभर काहीच नाही, मग दुसरा. खोलीतले अंड्यांचे ट्रे हलायचे. पोरांना ते भलतंच आवडलं. 'खिळे'वर उड्या मारणारी पोरं 'ओल्या कोळशा'वर खांद्याला खांदा लावून डुलायला लागली.

याच अल्बमच्या काळात एकदा तालीम चालू असताना दाराची गादी बाजूला झाली आणि अबाहची मुलगी निनिंग आत आली. हातात आमच्यासाठी पुतूचं ताट. तिने चौघांना नीट निरखलं आणि माझ्यावर बोट ठेवलं.

"एक विचारू? हा गिटार वाजवतो, तो बडवतो, तो भुंकतो. सगळं भिंतीपलीकडे येतं. हे चौथे काही वाजवतात की नुसते उभे असतात?"

बाकीचे तिघं लोळून हसले. मी म्हटलं, "मी बास वाजवतो. तो ऐकू येत नाही, पण नसला तर कळतं."

"मग एक दिवस नका वाजवू. बघू कळतं का," असं म्हणून ती ताट ठेवून गेली.

दुसऱ्या दिवशी मी वाजवलंच नाही. हेर्दीला काही कळलं नाही, ओपिकला कळलं नाही. संध्याकाळी अंगणातून ती म्हणाली, "आज काहीतरी कमी होतं बाई." माझं लग्न तिथेच ठरलं, बाकीचे सोपस्कार मागून झाले. मागणी घालायला गेलो तेव्हा अबाहनी एकच तक्रार केली. "मुलगा चांगला आहे, पण वाजवतो ते ऐकू येत नाही. चौघांत एकच जावई करून घ्यायचा तर निदान ऐकू येणारा तरी..." निनिंगने त्यांना पुढे बोलू दिलं नाही.

तिसरा अल्बम 'तळघर'. तारा आणखी खाली. आता गाणी लांब, संथ, ओल्या मातीतून पाय उचलल्यासारखी. ओपिकचं वय झालं होतं, त्याला संथपणा आवडायला लागला होता, पण ते तो कबूल करत नव्हता. गुगुमचा आवाजही तारांबरोबर खाली गेला, अगदी पोटात. याच सुमाराला मासिकवाले यायला लागले आणि हेर्दीला कंठ फुटला.

"पहिल्या अल्बममध्ये आम्ही माणसाच्या रागात होतो," असं तो चष्मा पुसत सांगायचा. "दुसऱ्यात राग विझवून बघितला. तिसऱ्यात आम्ही जमिनीच्या पोटात उतरलोय. लिनी म्हणजे आमच्या सुंदा बोलीत भूकंप. भूकंप कुठून येतो? खालून."

उचलली जीभ, लावली टाळ्याला. पण छापून आलं की ते खरंच वाटतं. मलाही वाटायला लागलं की आपण ठरवून उतरतोय. आईला कात्रण दाखवलं तर ती म्हणाली, "उतरा, पण जेवायच्या वेळेला वर या."

चौथ्या अल्बमला आम्ही एका नव्या स्टुडिओत गेलो. तिथे सगळं संगणकावर. आता अबाहना न्यायची गरज नव्हती. मी आदल्या दिवशीच फोनवर त्यांची शिट्टी टिपून घेतली होती. यंत्रावर एक तरुण मुलगी होती, कानात बाळ्या, हातावर आमच्याच पहिल्या कॅसेटचं गोंदण. ती जरा वेळ ऐकत राहिली आणि म्हणाली (कांग म्हणजे दादा, आमच्याकडे बायका नवऱ्यालाही तेच म्हणतात), "कांग हेर्दी, राग मानू नका. पण तुमचा सूर दोन सुरांच्या मधे आहे. हा कुठल्याच पेटीत सापडायचा नाही."

"तो मुद्दाम आहे," हेर्दी म्हणाला.

"आणि दर अल्बमला खाली जातो, तोही मुद्दाम?"

"अर्थात. पृथ्वीच्या गर्भाकडे..."

"मग ही शिट्टीपण गर्भाकडे निघालीय," ती म्हणाली, आणि तिने आधीच्या तिन्ही अल्बमांची सुरुवात आणि माझ्या फोनवरची शिट्टी एकापुढे एक लावली.

पहिली उंच. दुसरी तिच्याखाली. तिसरी आणखी खाली. चौथी जाडसर, दमलेली. एकच माणूस जिना उतरत गेल्यासारखं. हेर्दीने चष्मा काढला, पुसला आणि परत घातलाच नाही.

आम्ही शिट्टीवर तारा लावत होतो. शिट्टीच खाली निघाली होती. इतकी वर्षं लोक कारण शोधत होते, आम्हीही शोधत होतो, आणि ते भिंतीपलीकडे रोज वाजत होतं. काखेत कळसा आणि गावाला वळसा.

घरी आलो आणि निनिंगला विचारलं, "अबाहची शिट्टी बदललीय?"

"बदलतच असतात ते," ती भांडी घासता घासता म्हणाली. "दर दोन-चार वर्षांनी दुधाच्या डब्याचा पत्रा कापून तोटी लांब करतात. म्हणतात जुनी शिट्टी हळू वाजायला लागली. लांब केली की नीट ऐकू येते म्हणे."

"मग हे मला सांगायचं नाही?"

"मला काय माहीत तुम्ही बाप्ये पुतूच्या डब्यावर तारा लावता! तीन अल्बम काढलेत, मला वाटलं शिकला असाल कुठेतरी."

मग तिच्या हातातलं भांडं थांबलं. माझंही डोकं तिथेच पोचलं होतं. तोटी हळू वाजायला लागली नव्हती. वाजत होती तशीच, गल्लीला नीट ऐकू येत होती. उंच सूर अबाहच्या कानाला लागेनासा झाला होता, म्हणून ते तो जरा खाली आणत. काही वर्षांनी तोही लागेनासा होई, की आणखी खाली. जन्मभर ती शिट्टी कानाशी वाजलेली, तिनेच कान खाल्ला होता. आमचा बँड पृथ्वीच्या गर्भाकडे निघालाच नव्हता. एका म्हाताऱ्याच्या कानामागे एकेक पायरी उतरत होता.

"कांग," निनिंग म्हणाली, "अलीकडे ते 'आली' म्हणत नाहीत. तुमच्या लक्षात आलंय?"

नव्हतं आलं. मला वाईट वाटलं, खूप वाटलं.

चौथा अल्बम कसाबसा निघाला आणि त्यानंतर अबाहचं बिघडतच गेलं. आधी पुतू कच्चं निघायला लागलं. गल्लीतली बायामाणसं जुन्या ओळखीने काही बोलली नाहीत, पण पिठूळ कांडी कोंबड्यांना टाकताना निनिंगने एकीला पाहिलं. मग एका दुपारी डब्यातलं पाणी आटलं. शिट्टी बंद पडली, अबाहना कळलंच नाही, आणि नळ्या जळून काळा धूर भिंतीवरून आमच्या खोलीत आला. आम्ही धावत गेलो तेव्हा ते चुलीपुढे बसून पुतू शिजायची वाट बघत होते.

निनिंगने चूल विझवली. "बस झालं, अबाह. उद्या अंगाला लागेल. घरी बसा, नातवंडं खेळवा."

"नातवंडं शाळेत जातात."

"मग झोपा दुपारचं."

"डोळे आहेत अजून मला," ते म्हणाले, पण आवाजात जोर नव्हता. आपणच जन्मभर काय सांगत आलो ते त्यांना आठवत होतं. कान गेला की धंदा गेला. कावड माळ्यावर गेली. अबाह अंगणात बसून राहायला लागले. हाताला सवय म्हणून नारळ किसायचे, आणि एवढ्या नारळाचं करायचं काय म्हणून आम्ही महिनाभर सगळं नारळातलं खाल्लं.

इकडे पाचव्या अल्बमच्या तालमी. हेर्दीने सूर दाखवणारं यंत्र आणलं. तारा बरोब्बर लागल्या, हिरवा दिवा लागला, आणि आम्ही वाजवलं ते दुसऱ्याच कुणाचं तरी वाटलं. परक्याचे चपला-बूट घातल्यासारखं. गुगुमने मधेच गाणं सोडलं.

"मला नाही जमत," तो म्हणाला. "पलीकडे शिट्टी झाल्याशिवाय माझा आवाजच निघत नाही."

हेर्दीने यंत्र बंद केलं. मला वाटलं आता गर्भाचं काहीतरी काढणार. पण तो म्हणाला, "इतकी वर्षं आपण त्यांच्यावर लागलो. आता त्यांना आपल्यावर लावू या." हेर्दीबद्दल मी बरंच वाईट बोललोय, तर हेही लिहून ठेवतो.

आम्ही वाद्यं अंगणात आणली. अबाहना स्टुलावर बसवलं. कल्पना साधी होती: वरच्या सुरापासून एकेक पायरी खाली यायचं, आणि त्यांच्या कानाला कुठला सूर स्वच्छ लागतो ते बघायचं. हेर्दीने बारीक तार छेडली.

"येतं," अबाह म्हणाले.

त्याने न छेडता नुसतं बोट हलवलं.

"हेपण येतं. छान येतं."

"अबाह, लबाडी करू नका!" निनिंगने स्टूल फिरवून त्यांचं तोंड भिंतीकडे केलं. "आता सांगा."

हेर्दी वाजवत खाली आला. सगळ्या तारा संपल्या. भिंतीकडे तोंड केलेली ती पाठ हलली नाही. शेजारी जमा झाले होते, कुणी हसत नव्हतं. हेर्दीने माझ्याकडे पाहिलं. मी बासच्या जाड तारेवर, वरच्या घरात बोट ठेवलं आणि एक सूर लांब धरला. मग एक घर खाली. मग आणखी एक.

अबाहनी हात वर केला. "हे कोण?"

"मी, अबाह. यायात."

ते स्टुलावरच वळले. तोंडभर हसू, वरचे दोन दात नाहीत. "अरे, तुझंच तेवढं ऐकू येत नव्हतं, आणि आता तुझंच तेवढं येतं!"

माझे डोळे भरून आले, मी तार लावण्याचं निमित्त करून खाली बघितलं. निनिंगने ते पाहिलं, पण त्या दिवशी टोमणा मारला नाही.

सूर सापडला, पण एवढा जाड सूर करंगळीच्या तोटीतून निघणार कसा? पत्र्याने नुसतं फुस्स केलं. मग ओपिकने डोंगरावरून जाड बांबू आणला, एका बाजूला पेर बंद ठेवून कोपरापासून बोटांएवढा कापला, आणि चपलांच्या कातड्याच्या सुरीने त्याला पाव्यासारखा ओठ कोरला. पहिला फाटला. दुसरा घुबडासारखा बोलला. तिसरा वाजला तेव्हा गल्लीतली सगळी कुत्री आली. ओपिक चिडून चिडून कापत राहिला, मी बासवर सूर धरून बसलो, आणि शेवटी एक बांबू माझ्या सुराशी असा मिसळला की कुठला कुणाचा ते कळेना.

निनिंगने मात्र अट घातली. "एकदाच. उद्या दुपारी त्यांची चूल, त्यांचा डबा, हा बांबू. शेजारी मी उभी राहणार, पण खूण करणार नाही, तोंडाने काही बोलणार नाही. वाफ भरलेली कळली तर कावड खाली येईल. नाही कळली तर कायमची माळ्यावर. तुम्ही चौघं भिंतीच्या त्या बाजूला. इथे कुणी गर्दी करायची नाही."

"कबूल," अबाह म्हणाले. तिचं म्हणणं त्यांना अर्धं ऐकू आलं असेल, पण उरलेलं ते जाणून होते.

दुसऱ्या दिवशी आम्ही खोलीत बसलो. वाद्यं मांडीवर, हात बाजूला. पलीकडे काडी पेटल्याचा आवाज आला. लाकूड तडतडलं. डबा फुसफुसायला लागला. हेर्दी नखं खात होता. ओपिकने काठ्या काखेत धरल्या होत्या.

मग बांबू बोलला. आधी घोगरा, वाऱ्यासारखा, मग हळूहळू भरत गेला. अंड्यांचे ट्रे थरथरायला लागले. मावशीच्या स्वयंपाकघरात कपबशा किणकिणल्या. असा सूर आमच्या गल्लीत कधी वाजला नव्हता. खालच्या वळणावर कुणीतरी ओरडलं, "अरे, रेडा सुटला काय कुणाचा?"

भिंतीपलीकडून काही आलं नाही.

सूर आणखी भरला. गुगुमने डोळे मिटले. मी निनिंगचा विचार करत होतो. ती तिथे दातांखाली जीभ धरून उभी असणार, हात पाठीमागे बांधून. वाफ भरलीय हे आम्हाला भिंतीआडून कळत होतं, रस्त्यावरच्या माणसाला कळत होतं. ओपिक पुटपुटला, "म्हणा ना, अबाह." हेर्दीने त्याला गप्प केलं.

बांबू वाजतच राहिला. आणि मग पलीकडून, ऐकू न येणारी माणसं बोलतात तसा, गरजेपेक्षा कितीतरी मोठा आवाज आला:

"आली!"

निनिंग हसत होती की रडत होती ते भिंतीआडून नीट कळलं नाही. नळ्या पत्र्यावर वाजल्या, पीठ भरायला सुरुवात झाली होती. आम्ही चौघं एकमेकांकडे न बघता वाकलो आणि तारा लावायला घेतल्या.